लहान मोटारीसाठी पर्यायी रिमची निवड : सुसंगततेचे निकष आणि सोलापूर परिसरातील रस्त्यांचा संदर्भ

सारांश

लहान मोटारीची मूळ रिम वाकल्यास, तडकल्यास किंवा गाडीचे रूप बदलण्याची इच्छा झाल्यास पर्यायी रिम खरेदी केली जाते. ही खरेदी करताना रिमचा इंचांतील व्यास व नटांच्या छिद्रांची संख्या एवढ्या दोनच गोष्टी सामान्यतः पाहिल्या जातात. प्रस्तुत लेखात रिम ‘बसणे’ आणि रिम ‘जुळणे’ या दोन गोष्टींमधील भेद स्पष्ट केला आहे. नटवर्तुळ, मध्यछिद्र, नटाचे आटे व बैठक, रुंदी व ऑफसेट, टायरसह एकूण व्यास आणि भारक्षमता या सहा निकषांचे विवेचन भारतीय रस्त्यांवर आढळणाऱ्या मोटारींच्या मापांसह केले आहे. त्यानंतर सोलापूर जिल्ह्यातील रस्त्यांची प्रकृती, पोलादी व मिश्रधातूच्या रिममधील निवड आणि प्रचलित कायदेशीर तरतुदी यांचा विचार केला आहे.

बीजशब्द : रिम, नटवर्तुळ, मध्यछिद्र, ऑफसेट, टायरचा व्यास, भारक्षमता, रस्ता सुरक्षा.

१. प्रस्तावना

चाकाचे माप चुकले तर काय होते, हे ग्रामीण महाराष्ट्राला मोटार येण्यापूर्वीपासून ठाऊक आहे. बैलगाडीच्या लाकडी चाकावर लोखंडी धाव चढवताना लोहार आधी चाकाचा घेर मोजत असे. मग त्या मापाला किंचित कमी पडेल अशी धाव तयार करून ती तापवली जाई, चाकावर बसवली जाई आणि लगेच पाणी ओतून आवळली जाई. धाव सैल राहिली तर ती वाटेत निसटे. फार आवळ झाली तर पुठ्ठे व आरे यांवर ताण येऊन चाक फुटे. तुंबा, आरे, पुठ्ठे आणि धाव यांचे परस्परांशी असलेले माप हेच चाकाचे खरे बळ होते.

मोटारीच्या चाकाची गोष्ट तत्त्वतः वेगळी नाही. फरक असा की बैलगाडीचे चाक बनवणारा व बसवणारा कारागीर माप जाणत होता. आज चाक एका कारखान्यात, मोटार दुसऱ्या कारखान्यात तयार होते, आणि त्या दोघांची गाठ दुकानात पडते. मापाची जबाबदारी त्यामुळे नकळत ग्राहकावर येते. सोलापूर शहरातून बार्शी, पंढरपूर, अक्कलकोट, मंगळवेढा येथील महाविद्यालयांत दररोज मोटारीने ये-जा करणारा प्राध्यापकवर्ग मोठा आहे. अनेकदा एकाच मोटारीत चार-पाच सहकारी प्रवास करतात. मोटारीचा रस्त्याशी होणारा सारा संपर्क तळहाताएवढ्या चार ठिकाणी होतो आणि ती चारही ठिकाणे रिमने धरून ठेवलेली असतात. त्यामुळे रिमची निवड केवळ शोभेच्या वस्तूची निवड मानता येत नाही.

२. उद्दिष्टे व व्याप्ती

प्रस्तुत लेखाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत :

१) पर्यायी रिमच्या सुसंगततेचे निकष सामान्य वाचकाला समजतील अशा रीतीने मांडणे.
२) प्रत्येक निकष चुकल्यास होणारा परिणाम कारणासह स्पष्ट करणे.
३) सोलापूर परिसरातील रस्त्यांच्या संदर्भात योग्य निवडीची दिशा सुचवणे.

लेखाची पद्धती वर्णनात्मक व विश्लेषणात्मक असून व्याप्ती प्रवासी वाहतुकीच्या लहान मोटारींपुरती मर्यादित आहे. येथे दिलेली मापे दिशादर्शक आहेत. एकाच नावाच्या मोटारीच्या वेगवेगळ्या पिढ्यांत ती बदलू शकतात. म्हणून अंतिम निर्णयापूर्वी मोटारीसोबत मिळालेली पुस्तिका पाहणे अगत्याचे आहे.

३. रिमवरील अक्षरांचे वाचन

रिमच्या आतल्या बाजूस किंवा एखाद्या आऱ्याच्या पाठीमागे ‘५ १/२ जे × १५ एच २ ईटी ४५’ अशा स्वरूपाची अक्षरे कोरलेली असतात. यातील ५ १/२ ही रिमची इंचांतील रुंदी होय. ‘जे’ हे अक्षर टायरची कड धरून ठेवणाऱ्या काठाचा आकार दर्शवते. १५ हा रिमचा इंचांतील व्यास आहे. ‘एच २’ म्हणजे टायरची कड आत घसरू नये म्हणून रिमच्या दोन्ही बाजूंना ठेवलेले उंचवटे. ट्यूबलेस टायरसाठी हे उंचवटे फार महत्त्वाचे असतात, कारण ट्यूब नसताना हवा धरून ठेवण्याचे काम टायरची कड व रिम यांच्या घट्ट संपर्कावरच अवलंबून असते. ट्यूबच्या टायरसाठी बनवलेल्या जुन्या रिमवर ट्यूबलेस टायर चढवणे म्हणूनच धोक्याचे ठरते. ‘ईटी ४५’ म्हणजे ४५ मिलिमीटर ऑफसेट. त्याचे विवेचन पुढे केले आहे.

या मजकुराच्या आसपास भारक्षमतेचा किलोग्रॅममधील आकडा, निर्मितीचा महिना व वर्ष आणि मानकाचे चिन्ह आढळते. ज्या रिमवर यांपैकी काहीच कोरलेले नाही, ती दिसावयास कितीही सुबक असली तरी तिच्याविषयी कोणतीच माहिती उपलब्ध नाही, असेच समजावे लागते.

४. सुसंगततेचे सहा निकष

४.१ नटवर्तुळ

चाक हबवर आवळणाऱ्या नटांच्या केंद्रांतून जाणाऱ्या काल्पनिक वर्तुळाचा व्यास बाजारात ‘पीसीडी’ या नावाने ओळखला जातो. ‘४ × १००’ याचा अर्थ चार नट आणि १०० मिलिमीटर व्यासाचे वर्तुळ असा होतो. चार छिद्रांच्या रिमवर हे माप घेणे सोपे आहे. एका छिद्राच्या बाहेरच्या कडेपासून समोरच्या छिद्राच्या आतल्या कडेपर्यंतचे अंतर मोजले की नटवर्तुळाचा व्यास मिळतो. पाच छिद्रांच्या रिमवर समोरासमोर छिद्रे नसतात. अशा वेळी शेजारच्या दोन छिद्रांच्या केंद्रांमधील अंतर मोजून त्याला १.७०१ ने गुणावे. हे अंतर ५८.८ मिलिमीटर भरल्यास व्यास १०० मिलिमीटर येतो.

भारतात सर्वाधिक परिचित असलेल्या काही लहान मोटारींची मापे पुढील तक्त्यात दिली आहेत. यांतील काही मोटारींचे उत्पादन आज थांबलेले असले तरी त्या रस्त्यांवर मोठ्या संख्येने आहेत आणि पर्यायी रिमची गरज अशाच गाड्यांना अधिक भासते.

तक्ता क्र. १ : निवडक लहान मोटारींची चाकमापे (मिलिमीटर)

| मोटार | नटवर्तुळ | मध्यछिद्र | नट / बोल्टचे आटे |
|---|---|---|---|
| मारुती सुझुकी स्विफ्ट | ४ × १०० | ५४.१ | एम १२ × १.२५ |
| ह्युंदाई आय-२० | ४ × १०० | ५४.१ | एम १२ × १.५ |
| टोयोटा इटिऑस | ४ × १०० | ५४.१ | एम १२ × १.५ |
| होंडा जॅझ | ४ × १०० | ५६.१ | एम १२ × १.५ |
| फोर्ड फिगो | ४ × १०८ | ६३.४ | एम १२ × १.५ |
| फोक्सवॅगन पोलो | ५ × १०० | ५७.१ | एम १४ × १.५ (बोल्ट) |
| फियाट पॅलिओ | ४ × ९८ | ५८.१ | एम १२ × १.२५ (बोल्ट) |

तक्त्यातील पहिल्या चार मोटारींचे नटवर्तुळ एकच आहे. याउलट टाटा नॅनोच्या चाकाला तीनच नट होते, त्यामुळे या तक्त्यातील कोणत्याही गाडीची रिम तिला चालत नव्हती.

या निकषात सर्वांत घातक ठरते ते अगदी थोडे अंतर. ४ × १०८ ची रिम ४ × १०० च्या हबवर चढतच नाही, म्हणून ती चूक दुकानातच उघड होते. ४ × १०० ची रिम ४ × ९८ च्या हबवर मात्र जोर लावल्यास चढते. प्रत्येक छिद्र केंद्रापासून केवळ १ मिलिमीटर सरकलेले असते. नट आवळले जातात, पण ते तिरके बसतात. आवळल्याचा भास होतो, प्रत्यक्षात चाकाची पकड एका कडेवर राहते. धावताना हा ताण उलटसुलट होत राहतो आणि नट सैल होणे किंवा स्टड तुटणे ही त्याची परिणती असते.

बाजारात आठ छिद्रांची रिमही मिळते. तिच्यावर दोन वेगवेगळ्या नटवर्तुळांची चार-चार छिद्रे असतात. मान्यताप्राप्त चाचण्या पूर्ण केलेली अशी रिम वापरण्यास हरकत नाही. तथापि ती अनेक गाड्यांसाठी बनवलेली असल्याने तिचे मध्यछिद्र मुद्दाम मोठे ठेवलेले असते, ही बाब पुढील निकषाच्या दृष्टीने लक्षात घ्यावी.

४.२ मध्यछिद्र

रिमच्या मध्यभागी असलेले गोल छिद्र हबच्या पुढे आलेल्या कड्यावर बसते. ते तंतोतंत बसले की चाकाचा मध्य व आसाचा मध्य एक होतो. रिमचे छिद्र हबपेक्षा लहान असल्यास चाक बसतच नाही. ते मोठे असल्यास बसते, पण मध्यावर येईलच याची खात्री नसते. स्विफ्टसाठी बनवलेली ५४.१ ची रिम जॅझच्या ५६.१ च्या हबवर जाणार नाही. जॅझची रिम स्विफ्टवर जाईल, मात्र भोवती १ मिलिमीटर फट राहील.

ही फट भरण्यासाठी हब रिंग नावाचे कडे वापरतात. त्याचा आतला व्यास हबएवढा व बाहेरचा व्यास रिमच्या छिद्राएवढा असावा लागतो. हे कडे न बसवता केवळ नटांच्या भरवशावर चाक लावल्यास शहरातील कमी वेगात काही जाणवत नाही. महामार्गावर मात्र स्टीअरिंग थरथरू लागते. याचे कारण साध्या गणिताने समजते. १८५/६५ आर १५ मापाच्या टायरचा घेर सुमारे १.९५ मीटर भरतो. ताशी ८० किलोमीटर वेगात असे चाक एका सेकंदात ११ पेक्षा अधिक फेऱ्या घेते. मध्य चुकलेले चाक म्हणजे सेकंदाला अकरा हिसके होत. हे हिसके बेअरिंग, स्टीअरिंगचे सांधे व स्टड यांना सतत सोसावे लागतात. चालक अनेकदा पुन:पुन्हा बॅलन्सिंग करून घेतो; परंतु मूळ दोष वजनात नसून मध्यात असल्याने तो जात नाही.

४.३ नटाचे आटे व बैठक

तक्ता क्र. १ मधील शेवटचा रकाना बहुधा कोणी पाहत नाही. स्विफ्टच्या नटाच्या आट्यांमधील अंतर १.२५ मिलिमीटर, तर आय-२० च्या नटाचे १.५ मिलिमीटर असते. दोन्ही नट बाहेरून सारखेच दिसतात. एका गाडीचा नट दुसऱ्या गाडीच्या स्टडवर हाताने एक-दोन फेरे फिरतो आणि अडतो. त्यापुढे हवेच्या दाबावर चालणाऱ्या यंत्राने तो रेटल्यास स्टडचे आटे कापले जातात. नट घट्ट झाल्यासारखा वाटतो, परंतु त्याला धरून ठेवणारे आटेच उरलेले नसतात. म्हणून प्रत्येक नट निदान पाच-सहा फेरे केवळ बोटांनी फिरला पाहिजे, हा नियम पाळणे आवश्यक ठरते.

नटाची बैठक हाही तितकाच महत्त्वाचा भाग आहे. बहुतेक पर्यायी रिममध्ये बैठक शंकूच्या आकाराची असते. होंडाच्या मूळ चाकांची बैठक मात्र गोलाकार असते. गोलाकार नट शंकूच्या बैठकीत बसवल्यास पूर्ण पृष्ठभाग टेकण्याऐवजी केवळ एक वर्तुळाकार रेषा टेकते. तेवढ्या जागेवर सारा दाब येऊन मऊ मिश्रधातू दबतो आणि काही दिवसांत नट सैल होतो. सबब, रिमसोबत तिच्या बैठकीचे नटही घेतले पाहिजेत.

४.४ रुंदी व ऑफसेट

रिमच्या रुंदीचा मध्य आणि हबवर टेकणारा पृष्ठभाग यांतील मिलिमीटरमधील अंतर म्हणजे ऑफसेट. टेकणारा पृष्ठभाग मध्यापेक्षा बाहेरच्या बाजूस असल्यास ऑफसेट धन मानला जातो. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या लहान मोटारींचा ऑफसेट बहुधा धनच असतो. तो कमी केल्यास चाक बाहेर सरकते, वाढवल्यास आत जाते.

रुंदी व ऑफसेट या दोहोंचा परिणाम एकत्र मोजावा लागतो. उदाहरणादाखल, मूळ रिम ५.५ इंच रुंद व ४५ ऑफसेटची आणि नवी रिम ६.५ इंच रुंद व ३८ ऑफसेटची आहे असे मानू. मूळ रिमची अर्धी रुंदी ६९.८५ मिलिमीटर, त्यातून ४५ वजा केल्यास बाहेरची कड टेकणाऱ्या पृष्ठभागापासून २४.८५ मिलिमीटरवर येते. नव्या रिमची अर्धी रुंदी ८२.५५, त्यातून ३८ वजा करता ४४.५५ उरतात. म्हणजे चाक जवळजवळ २० मिलिमीटर बाहेर आले. आतल्या बाजूस ६९.८५ अधिक ४५ म्हणजे ११४.८५ आणि ८२.५५ अधिक ३८ म्हणजे १२०.५५, अर्थात आतली कडही सुमारे ६ मिलिमीटर शॉक ॲब्सॉर्बरच्या दिशेने सरकली.

बाहेर आलेले चाक पाच माणसे बसल्यावर व खड्ड्यात गाडी दबल्यावर मडगार्डला घासते. रिकामी गाडी दुकानासमोर उभी असताना हे कळत नाही. त्याखेरीज भार बेअरिंगच्या मध्यापासून दूर गेल्याने बेअरिंग लवकर झिजते आणि खड्ड्यात एक चाक आदळल्यास स्टीअरिंग हातातून अधिक जोराने ओढले जाते. दोन चाके बाहेर काढण्यासाठी हबवर जाड चकत्या लावण्याची जी प्रथा काही ठिकाणी दिसते, तिचा परिणामही हाच होतो. शिवाय तेवढ्या जाडीने नटाला मिळणारे आटे कमी होतात.

व्यास पुरेसा असूनही रिमच्या आतली बाजू डिस्क ब्रेकच्या कॅलिपरला घासू शकते. म्हणून टायर चढवण्यापूर्वी मोकळी रिम पुढच्या हबवर लावून ती हाताने पूर्ण फिरवून पाहावी.

४.५ टायरसह एकूण व्यास

रिम मोठी झाली म्हणजे चाक मोठे झाले पाहिजे असे नाही. टायरची उंची त्या प्रमाणात कमी केल्यास एकूण व्यास कायम राहतो. स्विफ्टच्या २०११ नंतरच्या खालच्या प्रकारांना १६५/८० आर १४ आणि वरच्या प्रकारांना १८५/६५ आर १५ मापाचे टायर देण्यात आले. पहिल्याचा एकूण व्यास असा निघतो : १४ इंच म्हणजे ३५५.६ मिलिमीटर, टायरची भिंत १६५ च्या ८० टक्के म्हणजे १३२, ती वर व खाली अशी दोनदा धरल्यास एकूण ६१९.६ मिलिमीटर. दुसऱ्याचा व्यास याच रीतीने ६२१.५ मिलिमीटर येतो. फरक अर्ध्या टक्क्याहूनही कमी आहे. रिम एका इंचाने वाढली, चाक मात्र तेवढेच राहिले.

याच १५ इंची रिमवर २०५/६५ आर १५ टायर चढवल्यास व्यास ६४७.५ मिलिमीटर, म्हणजे ४ टक्क्यांहून अधिक वाढतो. तेव्हा स्पीडोमीटरचा काटा १०० दाखवत असताना गाडीचा खरा वेग १०४ असतो. किलोमीटरची नोंद कमी पडते, ब्रेकला मोठे चाक थांबवावे लागते, चढावर इंजिन जड वाटते. एकूण व्यासातील फरक २ टक्क्यांच्या आत ठेवणे सर्वथा इष्ट होय. तसेच प्रत्येक टायरला रिमच्या रुंदीची मर्यादा असते. १८५/६५ आर १५ हा टायर ५ ते ६.५ इंच रुंदीच्या रिमसाठी योग्य मानला जातो. अरुंद टायर रुंद रिमवर ताणून बसवल्यास त्याची कड आडव्या ताणाने सुटण्याचा धोका असतो.

४.६ भारक्षमता

प्रवासी व सामानासह मोटारीच्या ज्या आसावर अधिक भार येतो, त्या भाराच्या निम्म्याइतकी तरी प्रत्येक रिमची भारक्षमता असली पाहिजे. एखाद्या आसावर कमाल ७६० किलोग्रॅम भार येत असेल, तर रिमवर ३८० किंवा त्याहून मोठा आकडा हवा. टायरवरही भार-निर्देशांक असतो. ८५ म्हणजे ५१५ किलोग्रॅम आणि ८८ म्हणजे ५६० किलोग्रॅम. नव्या टायरचा निर्देशांक मूळ टायरपेक्षा कमी असता कामा नये.

रिमवरील भाराचा आकडा चाचण्यांतून येतो. प्रवासी मोटारींच्या चाकांसाठी आयएस ९४३६ हे भारतीय मानक आहे. चाकांच्या चाचण्यांत वळणावरील वाकण्याचा ताण, सरळ भाराखाली दीर्घकाळ फिरणे आणि मिश्रधातूच्या चाकाच्या बाबतीत कडेवर वजन पाडून केलेला आघात यांचा समावेश असतो. मोटारींच्या रिमसाठी केंद्र शासनाने २०२० मध्ये गुणवत्ता नियंत्रण आदेशही काढला. जपानी ‘जेडब्ल्यूएल’ चिन्ह हे मिश्रधातूच्या चाकांच्या त्या देशातील मानकाचे द्योतक आहे. तथापि चिन्ह कोरणे सोपे असल्याने त्यासोबत निर्मात्याचे नाव, भारक्षमता व पावती या तिन्हींची जोड असणे गरजेचे आहे.

५. पोलाद की मिश्रधातू : सोलापूर परिसराचा संदर्भ

सोलापूर शहरातून पुणे–हैदराबाद हा राष्ट्रीय महामार्ग क्र. ६५ आणि विजयपूरकडे जाणारा राष्ट्रीय महामार्ग क्र. ५२ जातो. या चौपदरी मार्गांवर मोटारी दीर्घकाळ वेगाने धावतात. महामार्ग सोडून गावाकडे वळताच रस्त्याची प्रकृती बदलते. जिल्ह्याचा मोठा भाग काळ्या मातीचा आहे. ही माती पावसाळ्यात फुगते व उन्हाळ्यात आकसून भेगाळते, त्यामुळे तिच्यावरील डांबरी रस्ता लाटेसारखा उंचसखल होतो व त्याच्या कडा तुटतात. गळीत हंगामात उसाने भरलेल्या ट्रॉल्या व टायरच्या बैलगाड्या यांना वाट देण्यासाठी मोटारीला अनेकदा साइडपट्टीवर उतरावे लागते. डांबराची ती तुटकी कड चढताना व उतरताना रिमवर थेट आघात होतो. महामार्गाचा वेग व गावरस्त्याचा आघात हे दोन्ही एकाच दिवशी एकाच चाकाला सोसावे लागतात, हे या परिसराचे वैशिष्ट्य आहे.

अशा आघाताचा पहिला भार टायरची भिंत झेलते. १६५/८० आर १४ टायरची भिंत १३२ मिलिमीटर उंच असते, १८५/६५ आर १५ ची १२० आणि १९५/५५ आर १६ ची सुमारे १०७. तिघांचा एकूण व्यास जवळजवळ सारखाच आहे. मात्र १४ वरून १६ इंची रिमवर जाताना रिम व खड्डा यांच्यामधील हवेची उशी सुमारे १९ टक्क्यांनी कमी होते. मोठी रिम व अरुंद भिंतीचा टायर शहरातील गुळगुळीत रस्त्यावर वळण चांगले घेतो, हे खरे. परंतु त्याची किंमत गावरस्त्यावर चुकवावी लागते.

पोलादी रिम आघाताने वाकते. सौम्य वाक कुशल कारागीर काढू शकतो आणि नवी रिमही तुलनेने स्वस्त मिळते. मिश्रधातूची ओतीव रिम बहुधा ॲल्युमिनियम, सुमारे ७ टक्के सिलिकॉन व अल्प मॅग्नेशियम यांची असून तिला उष्णताप्रक्रियेने बळ दिलेले असते. ती अधिक ताठ व मध्यात अचूक असते, उष्णता लवकर बाहेर टाकते आणि ट्यूबलेस टायरची हवा चांगली धरते. मात्र मर्यादेबाहेरचा आघात झाल्यास तिला तडा जातो. ॲल्युमिनियमची घनता पोलादाच्या सुमारे एक तृतीयांश असली तरी ओतीव रिमची जाडी अधिक ठेवावी लागते. म्हणून ती प्रत्येक वेळी वजनाने फार हलकी असतेच असे नाही.

तडकलेली मिश्रधातूची रिम वेल्डिंग करून किंवा तापवून सरळ करून देण्याची सेवा अनेक शहरांत उपलब्ध आहे. रिम तापवली की उष्णताप्रक्रियेने आलेले बळ त्या जागी नाहीसे होते. बाहेरून रंग दिल्यावर सांधा दिसत नाही, धातूची दुर्बलता मात्र कायम राहते. वरच्या थरातील ओरखडे काढून रंग देणे वेगळे आणि तडा सांधणे वेगळे. पहिले चालेल, दुसऱ्या स्थितीत रिम बदलणे हाच उपाय होय.

६. जुनी रिम व स्टेपनी

एकच रिम खराब झाली असल्यास जुन्या बाजारातील रिम घेण्याचा मोह स्वाभाविक आहे. त्याच मॉडेलची मूळ कंपनीची जुनी पोलादी रिम पुष्कळदा अनोळखी नव्या रिमपेक्षा चांगली ठरते. मात्र ती बॅलन्सिंगच्या यंत्रावर टायरविना फिरवून तिची कड डुलते का, नटांची छिद्रे अंडाकार झाली आहेत का, मागच्या बाजूस वेल्डिंगची खूण आहे का, हे पाहिले पाहिजे. एकाच आसावरील दोन रिमची रुंदी व ऑफसेट निरनिराळे असता कामा नयेत.

चारही रिम बदलताना स्टेपनीचा विसर पडतो. चार चाके मिश्रधातूची व स्टेपनी पोलादी असेल, तर नव्या रिमचे नट पोलादी स्टेपनीला चालतात का, हे घरीच तपासून घ्यावे. चालत नसल्यास मूळ नटांचा एक संच गाडीत ठेवावा. रात्री मोहोळ किंवा टेंभुर्णीच्या पुढे टायर पंक्चर झाल्यावर ही चूक लक्षात येऊन उपयोग नाही.

७. कायदेशीर बाजू

मोटार वाहन अधिनियम, १९८८ च्या कलम ५२ नुसार, नोंदणी प्रमाणपत्रातील तपशील उत्पादकाने मूळ नमूद केलेल्या तपशिलाहून भिन्न ठरेल असा बदल वाहनमालकाला करता येत नाही. केरळमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ९ जानेवारी २०१९ रोजी याच कलमाचा अर्थ स्पष्ट करताना उत्पादकाच्या मूळ तपशिलाला प्रमाण मानले. त्याच वर्षीच्या दुरुस्तीने आलेल्या कलम १८२-ए मध्ये अननुज्ञात बदलासाठी मालकाला सहा महिन्यांपर्यंत कारावास किंवा प्रत्येक बदलामागे पाच हजार रुपये दंड अथवा दोन्ही अशी तरतूद आहे.

त्याच मापाची, मानकाला उतरलेली रिम बदलणे ही दुरुस्ती होय. माप बदलणे हा मात्र फेरबदलाच्या प्रश्नाला तोंड फोडणारा व्यवहार आहे. म्हणून उत्पादकाने त्याच मॉडेलच्या एखाद्या प्रकारासाठी स्वतः दिलेल्या मापापुरती निवड मर्यादित ठेवणे हा निर्धोक मार्ग ठरतो. बदल केल्यास विमा कंपनीला लेखी कळवावे, जेणेकरून अपघातानंतर दाव्याच्या वेळी वाद उद्भवणार नाही.

८. खरेदी व बसवणीचा क्रम

उपरोक्त विवेचनाच्या आधारे पुढील क्रम सुचवता येईल :

१) मोटारीची पुस्तिका व दाराच्या चौकटीवरील पट्टी पाहून रिम व टायरचे मूळ माप, तसेच जुन्या रिमवरील ऑफसेट लिहून घ्यावा.
२) नव्या रिमवरील कोरलेली मापे स्वतः वाचावीत, दुकानदाराच्या तोंडी माहितीवर विसंबू नये.
३) टायर चढवण्यापूर्वी मोकळी रिम पुढच्या व मागच्या हबवर बसवून पाहावी. टायर चढल्यावर ती परत घेतली जात नाही.
४) नट बोटांनी फिरवून मगच पान्याने, समोरासमोरच्या क्रमाने आवळावेत. अखेरचा आवळ पुस्तिकेतील मापानुसार टॉर्क पान्याने द्यावा.
५) सर्व आसने भरून, स्टीअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवून चाक कोठे घासते का ते पाहावे.
६) बॅलन्सिंग व व्हील अलाइनमेंट करून घ्यावे आणि पहिल्या १०० किलोमीटरच्या आत नट पुन्हा तपासावेत.

९. निष्कर्ष

१) रिमचा व्यास व छिद्रांची संख्या जुळणे ही सुसंगततेची केवळ सुरुवात आहे. मध्यछिद्र, नटाची बैठक, ऑफसेट व भारक्षमता हे चार निकष चाक लावल्यानंतर डोळ्यांना दिसत नाहीत आणि गंभीर दोष याच चार ठिकाणी लपतात.

२) पूर्णतः विजोड रिम बसतच नाही, त्यामुळे ती फारशी धोकादायक नसते. थोडक्यात चुकलेली रिम बसते, म्हणून तीच अधिक धोकादायक असते.

३) सोलापूर परिसरातील मिश्र स्वरूपाच्या रस्त्यांवर टायरच्या भिंतीची उंची टिकवणारे मूळ माप अधिक उपयुक्त आहे. नियमितपणे ग्रामीण मार्गाने जाणाऱ्यांसाठी पोलादी रिम, तर प्रामुख्याने महामार्गावर प्रवास करणाऱ्यांसाठी मूळ मापाची प्रमाणित मिश्रधातूची रिम योग्य ठरेल.

४) विज्ञान व अभियांत्रिकी शाखांच्या अध्यापकांना हा विषय वर्गातही वापरता येईल. वर्तुळ, प्रमाण, घेर व वेग यांचे गणित महाविद्यालयाच्या आवारात उभ्या असलेल्या मोटारीच्या चाकावर, एका मोजपट्टीच्या साहाय्याने शिकवता येते. असे मोजमाप एकदा स्वतः केलेला विद्यार्थी पुढे रिम खरेदी करताना केवळ तिची चकाकी पाहून निर्णय घेणार नाही.